गैरहजेरीत निकाल लागला, आता काय? एकतर्फी हुकूमनाम्याबद्दल खान्देशातून येणारे प्रश्न

मोजणीवाले बांधावर येऊन उभे राहतात आणि तेव्हा घरच्यांना कळतं की कोर्टात वाटपाचा दावा होता, तो चालला आणि निकालही लागून गेला. जळगाव, धुळे, नंदुरबार या तिन्ही जिल्ह्यांतल्या तालुका कोर्टात वकिली करणाऱ्याला हा प्रसंग नवा नाही. माणसं सुरतेला मिलमध्ये, पुण्याला कंपनीत नाहीतर ऊसतोडीला गेलेली असतात, पत्ता मात्र गावचाच राहतो. खालचे प्रश्न पक्षकार विचारतात तसेच ठेवले आहेत. उत्तरं मुख्यतः दिवाणी प्रक्रिया संहिता, 1908 आणि मुदतीचा कायदा, 1963 यांवर बेतलेली आहेत. तुमचे कागद पाहिल्याशिवाय कुणी तुम्हाला 'होऊन जाईल' असं सांगत असेल, तर त्यावर विसंबू नका.

एकतर्फी हुकूमनामा म्हणजे नेमकं काय?

समन्स बजावलं गेलं अशी कोर्टाची खात्री झाली, तरी प्रतिवादी तारखेला आला नाही, तर संहितेच्या आदेश 9, नियम 6 खाली दावा त्याच्याशिवाय पुढे चालवता येतो. रोजनाम्यात, म्हणजे कोर्टाच्या तारीखवार नोंदीत, 'प्रतिवादीविरुद्ध एकतर्फी' अशी ओळ पडते. मग वादीचा पुरावा होतो, युक्तिवाद होतो आणि हुकूमनामा निघतो. हा हुकूमनामा कच्चा नसतो. दोन्ही बाजू लढून झालेल्या निकालाइतकीच त्याची ताकद असते, आणि त्याच्या अंमलबजावणीची दरखास्त 12 वर्षांपर्यंत टाकता येते. 'मी गेलोच नाही, मग तो निकाल मला कसा लागू होईल?' असं म्हणून घरी बसणारे लोक दर वर्षी भेटतात.

समोरचा आला नाही की वादी आपोआप जिंकतो का?

नाही. प्रतिवादी गैरहजर असला तरी वादीला स्वतःचा दावा शाबीत करावाच लागतो. सर्वोच्च न्यायालयाने बलराज तनेजा विरुद्ध सुनील मदान (1999) या निकालात बजावलं की लेखी कैफियत, म्हणजे प्रतिवादीचं लेखी उत्तर, आली नाही म्हणून न्यायाधीशाने डोळे मिटून हुकूमनामा देऊ नये. दाव्यातल्या मजकुरावरून प्रश्न उभे राहत असतील तर पुरावा मागावा, आणि निकालात कारणं लिहावीत. 2014 साली माया देवी विरुद्ध लालता प्रसाद या निकालात तेच पुन्हा सांगितलं: विरोधक नसतो तेव्हा न्यायाधीशाने अधिक सावध राहायला हवं.

प्रत्यक्षात काय दिसतं ते सांगतो. दीड पानाचं निकालपत्र, त्यात 'वादीचा पुरावा अबाधित राहिला, सबब दावा मंजूर' एवढंच. कामाचा डोंगर असलेल्या कोर्टाची अडचण मला कळते, पण अशा निकालाला अपिलात धरायला जागा राहते. म्हणून निकालपत्र हाती आलं की आधी त्यात कारणं शोधा. सातबारा, खरेदीखत, पावत्या कुठल्या निशाणीवर (पुराव्याच्या क्रमांकावर) आल्या आणि त्यावर न्यायाधीशांनी काय लिहिलं, ते पाहा.

माझ्याविरुद्ध एकतर्फीचा आदेश झालाय, पण निकाल अजून बाकी आहे. संपलं का?

उलट, तुम्ही वेळेत आलात. आदेश 9, नियम 7 खाली त्याच कोर्टात अर्ज द्या, आधीच्या गैरहजेरीचं योग्य कारण सांगा. कोर्ट बहुधा काही खर्च वादीला द्यायला लावून तुम्हाला मागच्या टप्प्यापासून आत घेतं. हा अर्ज फेटाळला गेला तरी पुढच्या तारखांना हजर राहून उलटतपासणी घेण्याचा आणि युक्तिवाद करण्याचा हक्क जात नाही. संग्रामसिंग विरुद्ध निवडणूक न्यायाधिकरण, कोटा या 1955 च्या निकालापासून हे पक्कं आहे. कार्यपद्धती न्याय सोपा व्हावा म्हणून असते, माणसाला अडकवण्यासाठी नव्हे, हा त्या निकालाचा गाभा.

मात्र युक्तिवाद संपून दावा निकालावर ठेवला गेला असेल तर नियम 7 चं दार बंद होतं. मग निकालाची वाट पाहायची आणि खालच्या वाटांनी जायचं.

निकाल लागून गेलाय. वाटा कोणत्या?

मुख्य दोन. एक, ज्या कोर्टाने हुकूमनामा दिला तिथेच आदेश 9, नियम 13 खाली तो रद्द करून घेण्याचा अर्ज. दोन, कलम 96 खाली वरच्या कोर्टात अपील. अर्जात प्रश्न एवढाच असतो की तुम्ही का आला नाहीत. अपिलात प्रश्न असतो की पुराव्यावर निकाल बरोबर आहे का.

दोन्ही एकदम करता येतात. पण क्रम चुकला तर अंगाशी येतं. अपील आधी निकाली निघालं, म्हणजे मागे घेतल्याखेरीज कुठल्याही कारणाने संपलं, तर नियम 13 चा अर्ज चालत नाही. उलट, अर्ज फेटाळला गेला तर हुकूमनाम्याविरुद्धचं अपील उरतं, फक्त त्यात गैरहजेरीचं कारण पुन्हा उगाळता येत नाही. भानुकुमार जैन विरुद्ध अर्चना कुमार (2005) या निकालात हे सगळं एका ठिकाणी वाचायला मिळेल. समन्सच नीट बजावलं गेलं नसेल तर अर्ज हा पहिला रस्ता. समन्स मिळालं होतं, तुम्ही आळस केलात, पण निकाल पुराव्याला धरून नाही, अशी स्थिती असेल तर अपिलाचा विचार आधी करा.

तिसरी वाट फसवणुकीची आहे. खोटा पत्ता देऊन, महत्त्वाचा दस्त दडवून कोर्टाकडून हुकूमनामा काढला असेल तर तो मुळातच निरर्थक ठरू शकतो, असं सर्वोच्च न्यायालयाने चेंगलवराय नायडू प्रकरणात (1994) म्हटलं. पण फसवणूक शब्दाने नाही, कागदाने सिद्ध करावी लागते.

तीस दिवस कधीपासून मोजायचे?

मुदतीच्या कायद्याचा अनुच्छेद 123 पाहा. समन्सची बजावणी रीतसर झाली असेल तर हुकूमनाम्याच्या तारखेपासून 30 दिवस. रीतसर झाली नसेल तर तुम्हाला हुकूमनाम्याची माहिती झाली त्या दिवसापासून 30 दिवस. म्हणून माहिती कधी, कुणाकडून, कशी झाली हे अर्जात तारखेसकट लिहा: तलाठ्याने फेरफाराची नोटीस दिली तो दिवस, दरखास्तीची नोटीस आली तो दिवस. 'अलीकडेच समजले' अशा वाक्याने अर्ज कमजोर होतो.

प्रमाणित नक्कल मिळायला महिना गेला. तो वेळ वजा होतो का?

नियम 13 च्या अर्जासाठी नाही. नकलेचा वेळ वजा करण्याची सवलत मुदतीच्या कायद्याच्या कलम 12 मध्ये अपील, पुनरीक्षण आणि पुनर्विलोकन यांना आहे, या अर्जाला नाही. बऱ्याच जणांची मुदत इथेच चुकते. नकलेसाठी अर्ज द्या, पण नक्कल येईपर्यंत थांबू नका. शेवटचा दिवस कोर्टाच्या सुट्टीत पडला तर कोर्ट उघडेल त्या दिवशी दाखल करता येतं, दिवाळीची आणि मेची सुट्टी धरून.

मी सुरतेला मिलमध्ये होतो. गावी बायकोने समन्स घेतलं आणि सांगायचं राहून गेलं. ही बजावणी धरतात?

खान्देशातला हा सगळ्यात नेहमीचा प्रश्न, आणि उत्तर एका शब्दात नाही. आदेश 5, नियम 15 म्हणतो की प्रतिवादी घरी नसेल, तो वाजवी वेळेत सापडण्याची शक्यता नसेल आणि त्याच्या वतीने समन्स घ्यायला नेमलेला कुणी नसेल, तर त्याच्यासोबत राहणाऱ्या कुटुंबातल्या सज्ञान व्यक्तीला, बाई असो की पुरुष, समन्स देता येतं. घरगडी किंवा सालदार यात येत नाही.

इथला कळीचा शब्द 'सोबत राहणाऱ्या'. दिवसा शेतात गेलेला माणूस आणि आठ महिने सुरतेच्या उधना-लिंबायतला खोली घेऊन राहणारा माणूस, दोघं 'घरी नव्हते', पण दोघांची गोष्ट वेगळी. तुम्ही खरोखर सुरतेला बिऱ्हाड करून होतात, हे दाखवता आलं तर 'गावचं घर हे माझं त्या वेळचं राहण्याचं ठिकाणच नव्हतं' असं म्हणता येतं. कसं दाखवायचं? ताप्ती लाइनच्या गाडीचं तिकीट कुणी जपून ठेवत नाही. मिलचं हजेरी कार्ड, पगाराची नोंद असलेलं बँक पासबुक, खोलीचा भाडेकरार, मुलाच्या शाळेचं बोनाफाईड, हे कागद उपयोगी. बायको-मुलंही तुमच्यासोबत सुरतेलाच असतील आणि गावी म्हाताऱ्या आईचा अंगठा घेतला असेल, तर बाजू आणखी भक्कम.

पण दर शनिवारी गावी येत असाल, मतदान गावी, रेशन गावी, पिकाची नोंद स्वतःच्या मोबाईलवरून करत असाल, तर समोरचा वकील तेच कागद पुढे करील. आणि आदेश 9, नियम 13 चं परंतुक, म्हणजे त्यातला अपवाद, ध्यानात ठेवा: बजावणीत नुसती अनियमितता आहे, पण तुम्हाला तारीख माहीत होती आणि यायला पुरेसा वेळ होता असं दिसलं, तर हुकूमनामा रद्द होत नाही. चावडीवर सगळ्यांना माहीत असलेला दावा तुम्हालाच ठाऊक नव्हता, हे पटवणं अवघड जातं.

बेलिफाने समन्स दाराला चिकटवलं म्हणे. मला तर दिसलंच नाही.

बेलिफाचा अहवाल मागवा. यातली निम्मी प्रकरणं त्या एका पानावर ठरतात, असं माझं मत.

आदेश 5, नियम 17 प्रमाणे चिकटवण्याआधी नेटाने शोध घेतलेला असायला हवा, किंवा तुम्ही घ्यायला नकार दिलेला असायला हवा. अहवालात कधी, कोणत्या परिस्थितीत चिकटवलं, घर कुणी दाखवलं, कुणासमोर चिकटवलं, त्यांची नावं-पत्ते हवेत. नियम 19 प्रमाणे अहवालासोबत बेलिफाचं शपथपत्र नसेल तर कोर्टाने त्याला शपथेवर तपासायला हवं, आणि मग बजावणी रीतसर झाली की नाही हे जाहीर करायला हवं. सुशीलकुमार सभरवाल विरुद्ध गुरप्रीत सिंग (2002) या प्रकरणात ही पथ्यं पाळली गेली नव्हती म्हणून सर्वोच्च न्यायालयाने एकतर्फी हुकूमनामा टिकू दिला नाही.

अहवालात काय शोधायचं? पंच गावचेच आहेत का. एकच पंच वादीचा चुलतभाऊ तर नाही ना. एकाच दिवशी, एकाच वेळी बेलिफ दोन गावांत तर दिसत नाही ना. घराचं वर्णन तुमच्या घराशी जुळतं का. नंदुरबारच्या डोंगराळ भागात एका गावाचे पाडे मैलोन्मैल पसरलेले असतात. 'गावात चौकशी केली' म्हणजे कोणत्या पाड्यात, हा प्रश्न तिथे चांगला टोचतो. बेलिफ म्हणजे शत्रू नव्हे, त्याच्या गाठीला ढीगभर समन्स असतात. पण त्या घाईचा भुर्दंड तुम्ही का भरावा?

वर्तमानपत्रात नोटीस छापली होती. आम्ही पेपर वाचत नाही.

ही आदेश 5, नियम 20 ची पर्यायी बजावणी. तुम्ही मुद्दाम टाळताय किंवा साध्या मार्गाने बजावणी होऊच शकत नाही, अशी खात्री पटल्यावरच कोर्टाने ती द्यायची असते. आणि पेपर तुम्ही शेवटी खरोखर जिथे राहत होतात त्या भागात खपणारा दैनिक हवा. एकदाच समन्स परत आलं आणि लगेच जाहीर नोटीस, असं रोजनाम्यात दिसत असेल तर तो मुद्दा मांडा.

अशी बजावणी प्रत्यक्ष बजावणीइतकीच परिणामकारक मानली जाते. तरीही अनुच्छेद 123 चं स्पष्टीकरण सांगतं की मुदत मोजताना नियम 20 ची बजावणी 'रीतसर बजावणी' धरायची नाही. म्हणजे जाहीर नोटीसवर झालेल्या हुकूमनाम्यात तुमचे 30 दिवस माहिती झाल्यापासूनच. हा फरक ठाऊक नसल्याने लोक उगाच विलंब माफीचा अर्ज करत बसतात, आणि त्यात स्वतःच 'उशीर झाला' असं कबूल करून टाकतात.

पोस्टाचा लिफाफा 'घेण्यास नकार' म्हणून परत गेला. मी नकार दिलाच नव्हता.

तुमच्यावर ओझं आहे. बरोबर पत्त्यावर नोंदणीकृत डाकेने पाठवलेलं पत्र पोचलं असं कायदा गृहीत धरतो, आणि नकाराच्या शेऱ्यावर कोर्ट बजावणी झाल्याचं जाहीर करू शकतं. 2011 साली एका घटस्फोटाच्या प्रकरणात उच्च न्यायालयाने रद्द केलेला एकतर्फी हुकूमनामा सर्वोच्च न्यायालयाने याच धर्तीवर पुन्हा कायम केला. नुसतं 'नाही, नाही' पुरत नाही. त्या दिवशी तुम्ही तिथे नव्हतात, पत्ता चुकीचा होता, पिनकोड दुसऱ्या गावचा होता, असं काही ठोस दाखवा.

मोबाईलवरची नोटीसही हसण्यावारी नेऊ नका. 2018 मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने एका दरखास्तीत व्हॉट्सॲपवर पाठवलेली नोटीस नुसती पोचली नव्हती, तर उघडून वाचलीही गेली होती, हे पाहून ती ग्राह्य धरली.

'पुरेसं कारण' म्हणून कोर्ट काय ऐकतं?

आजारपण, अपघात, घरातला मृत्यू, पूर, तुरुंगवास, चुकीची तारीख कळणं. कारण त्या विशिष्ट तारखेचं हवं, ज्या दिवशी तुम्ही नव्हतात म्हणून एकतर्फी झालं. त्याआधीच्या तारखांना तुम्ही कसे वागलात हे उगाळून वादीने अर्ज पाडू नये, असं सर्वोच्च न्यायालयाने 2000 साली सांगितलं आहे, आणि कारणाकडे उदारपणे पाहावं असंही. पण उदारपणा खरं बोलणाऱ्यासाठी. सरकारी दवाखान्याचं डिस्चार्ज कार्ड आणि ओळखीच्या डॉक्टरचं मागाहून घेतलेलं प्रमाणपत्र यांतला फरक न्यायाधीशांना लांबून ओळखू येतो.

वकीलसाहेबांनी तारीखच सांगितली नाही.

वकिलाच्या चुकीचा भुर्दंड निष्पाप पक्षकाराला बसू नये, असं सर्वोच्च न्यायालयाने 1981 सालीच म्हटलंय. त्याचा आधार मिळतो, पण तुम्ही स्वतः किती वेळा चौकशी केली तेही विचारलं जातं. तीन वर्षं कोर्टाची पायरी न चढता सगळं वकिलावर ढकललं तर कोर्ट भुवया उंचावतं. वकिलाने 'पक्षकाराच्या सूचना नाहीत' अशी पुरसीस (कोर्टाला दिलेलं लेखी निवेदन) देऊन वकीलपत्र काढून घेतलं असेल तर रोजनामा नीट पाहा. त्यानंतर कोर्टाने तुम्हाला नोटीस काढायला हवी होती. ती न काढताच एकतर्फी झालं असेल तर तुमचा मुद्दा चांगला आहे.

आता घरबसल्या पाहता येतं. ई-कोर्ट्सच्या संकेतस्थळावर किंवा ॲपवर दाव्याचा 16 अक्षर-अंकी सीएनआर क्रमांक टाकला की पुढची तारीख दिसते. क्रमांक नसेल तर तालुका निवडून पक्षकाराच्या नावानेही शोध घेता येतो. गावी भाऊबंदकी सुरू असेल तर वडिलांचं आणि स्वतःचं नाव टाकून महिन्यातून एकदा पाहत जा.

दोन वर्षं होऊन गेली. तरी अर्ज चालेल का?

बजावणी झालीच नव्हती असं असेल तर माहितीपासून 30 दिवसांत आहात का, एवढं पाहा. बजावणी झाली होती आणि उशीर झाला असेल तर मुदतीच्या कायद्याच्या कलम 5 खाली विलंब माफीचा वेगळा अर्ज जोडा, आणि सगळा काळ टप्प्याटप्प्याने समजावून सांगा. मधले सहा महिने कोरे राहिले तर समोरचा तिथेच बोट ठेवतो.

अर्जाआधी कोणते कागद काढायचे?

नक्कल विभागात अर्ज द्या: दावा, रोजनामा पहिल्या तारखेपासून, समन्स आणि त्यामागचा बेलिफाचा अहवाल, पोस्टाची पोचपावती किंवा परत आलेला लिफाफा, जाहीर नोटीस, पुराव्याचं शपथपत्र, निकालपत्र, हुकूमनामा. मुदत जवळ आली असेल तर रेकॉर्डची तपासणी करून टिपणं घ्या आणि अर्ज आधी लावा. अर्जात सोबतच मूळ दाव्यातला तुमचा बचाव थोडक्यात लिहा. लढण्यासारखं काही आहे, हे दिसलं की कोर्टाचा कल बदलतो.

अर्ज टाकला. आता दरखास्त थांबली ना?

नाही थांबली. स्थगितीचा वेगळा अर्ज द्यावा लागतो, आणि पैशाच्या हुकूमनाम्यात कोर्ट काही रक्कम भरायला किंवा जामीन द्यायला सांगू शकतं. हुकूमनाम्याला दोन वर्षं उलटल्यावर दरखास्त झाली असेल तर आदेश 21, नियम 22 खाली तुम्हाला नोटीस निघायलाच हवी. नोटीस न काढता जप्तीचं वॉरंट आलं असेल तर वकिलाला लगेच दाखवा.

हुकूमनामा रद्द झाला. मग दावा पहिल्यापासून?

इथे बरेच जण पेढे वाटतात आणि पुढच्या तारखेला तोंडघशी पडतात. दावा पुन्हा सुरू होतो, पण तुम्ही आपोआप पहिल्या पायरीवर जात नाही. 2022 च्या एका निकालात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की एकतर्फी हुकूमनामा रद्द झाला तरी लेखी कैफियतीची मुदत आधीच गेली असेल, तर प्रतिवादीला उलटतपासणी आणि युक्तिवादापुरता भाग घेता येईल. कैफियत देण्याचा हक्क त्यातून आपसूक जिवंत होत नाही.

म्हणून अर्ज करतानाच 'विना कैफियत'चा आदेशही रद्द करावा आणि कैफियत दाखल करून घ्यावी, अशी स्पष्ट मागणी लिहा, आणि कैफियतीचा मसुदा सोबत जोडा. कैफियतीची मुदत 30 दिवस, कोर्टाच्या परवानगीने 90 पर्यंत. सामान्य दाव्यांत कोर्ट अपवादाने त्यापुढेही जाऊ शकतं, पण त्या भरवशावर राहू नका.

आम्ही चार भाऊ प्रतिवादी. अर्ज मी एकट्याने केला.

साधारणपणे हुकूमनामा तुमच्यापुरताच रद्द होतो. पण वाटपासारखा, तुकडे न पडणारा हुकूमनामा असेल तर कोर्ट तो सगळ्यांविरुद्ध रद्द करू शकतं. तरी चौघांनी मिळून यावं हे बरं.

निकाल लागला तेव्हा वडील वारलेले होते.

दावा दाखल होण्याआधीच वारले असतील तर मेलेल्या माणसाविरुद्धचा हुकूमनामा शून्य. दावा चालू असताना वारले असतील तर 90 दिवसांत वारस लावायला हवे होते, नाहीतर त्यांच्यापुरता दावा गळतो. मात्र एक फट आहे: न आलेल्या किंवा कैफियत न दिलेल्या प्रतिवादीचे वारस लावण्यातून कोर्ट वादीला सूट देऊ शकतं. ती सूट निकालाआधी घेतलेली हवी. रोजनाम्यात तशी ओळ आहे का ते पाहा, आणि मृत्यू दाखला सोबत ठेवा.

अर्ज फेटाळला तर पुढे कुठे?

त्या आदेशाविरुद्ध आदेश 43, नियम 1(ड) खाली अपील. तालुक्याच्या कनिष्ठ स्तर कोर्टाचा आदेश असेल तर जिल्हा न्यायालयात, 30 दिवसांत. त्यानंतर दुसरं अपील नाही. मग घटनेच्या अनुच्छेद 227 खाली उच्च न्यायालयाच्या देखरेखीचा अधिकार उरतो, आणि तिन्ही जिल्ह्यांसाठी ते दार छत्रपती संभाजीनगरच्या खंडपीठाचं. अर्ज मंजूर झाला तर वादीलाही अपील नाही, त्यालाही बहुधा तिथेच जावं लागतं. देखरेख म्हणजे पुन्हा संपूर्ण सुनावणी नव्हे. खालच्या कोर्टाने अधिकाराची मर्यादा ओलांडली का, उघड चूक केली का, एवढंच तिथे पाहतात. म्हणून खरी लढाई तालुक्यातच नीट लढा.

पतसंस्थेचा वसुली दाखला, ग्राहक आयोग, पोटगी, यांनाही हेच लागू?

नाही, आणि चुकीच्या दारात महिने जातात. सहकार कायद्याच्या कलम 101 चा वसुली दाखला हा दिवाणी हुकूमनामा नव्हे. त्याविरुद्ध कलम 154 खाली पुनरीक्षण, दोन महिन्यांत, आणि येणं रकमेच्या निम्मे भरून. जिल्हा ग्राहक आयोग स्वतःचा एकतर्फी आदेश मागे घेऊ शकत नाही, राज्य आयोगाकडे 45 दिवसांत अपील करावं लागतं, तिथेही निम्मी रक्कम आधी. दंडाधिकाऱ्यांच्या एकतर्फी पोटगी आदेशासाठी भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 145 खाली त्याच कोर्टात, आदेशापासून तीन महिन्यांत अर्ज.

मी वादी आहे. माझा एकतर्फी हुकूमनामा उद्या कुणी उडवू नये म्हणून काय करू?

खरा पत्ता द्या. भाऊ सुरतेला आहे हे तुम्हाला माहीत असेल तर गावच्या पत्त्यावर समन्स काढून खूश होऊ नका, सुरतेचाही पत्ता लावा. बेलिफासोबत घर दाखवायला गेलात तर पंच तटस्थ घ्या. पुरावा असा द्या, जणू समोरचा वकील उभाच आहे. घाईत मिळवलेल्या हुकूमनाम्यामागे पाच वर्षं धावणारे वादी मी पाहिलेत.

वकिलाला द्यायला पैसे नाहीत.

तालुका विधी सेवा समितीकडे जा, ती कोर्टाच्या आवारातच असते. महिला, अनुसूचित जाती-जमातीचे लोक, अपंग व्यक्ती यांना उत्पन्न न पाहता मोफत वकील मिळतो. दूरध्वनी 15100.

हुकूमनाम्याच्या जोरावर ताबा गेला, शेतात माझी केळी उभी होती. हुकूमनामा रद्द झाला तर शेत आणि पीक?

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 144 खाली पूर्वस्थितीचा अर्ज करता येतो: ताबा परत, आणि मधल्या काळातलं उत्पन्न, म्हणजे त्याने घेतलेलं किंवा नेटाने केलं असतं तर घेता आलं असतं ते. शेत कोर्टाच्या लिलावात वादीनेच घेतलं असेल तर त्याच्याकडून परत येऊ शकतं. तिऱ्हाइताने प्रामाणिकपणे घेतलं आणि लिलाव कायम झाला असेल तर अवघड, मग पैशावर यावं लागतं. म्हणून स्थगितीचा अर्ज लिलावाआधी.

उत्पन्न सिद्ध करायला कागद लागतात. ई-पीक पाहणीतली नोंद, रोपांची आणि ठिबकची बिलं, व्यापाऱ्याच्या वजनपावत्या, आधीच्या वर्षीची पट्टी. ताबा जाणार असं दिसताच बागेचे फोटो तारीख-ठिकाण दिसेल असे काढा. रावेर-यावलकडची बाग लागवडीपासून वर्षभराच्या आत-बाहेर कापणीला येते, कलम 144 चा अर्ज त्याहून लांबू शकतो. अर्ज निकाली निघेल तेव्हा घड कुणी तोडले, हे सांगायला शेजारचा शेतकरीही साक्षीला हवा.